घरी न कळवता मदत: कॉलेजातली एलजीबीटीक्यू मुलं आणि आपण

मृण्मयी_ग
१८ ऑगस्ट २०२५, रात्री ९:४०

नमस्कार मंडळी,

मी पश्चिम महाराष्ट्रातल्या एका जिल्ह्याच्या गावी सीनियर कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवते. यंदा वसतिगृह समिती आणि अंतर्गत तक्रार समिती, दोन्हींवर माझी नेमणूक झाली आहे.

२५ जुलैला सर्वोच्च न्यायालयाने विशाखापट्टणममध्ये नीटची तयारी करणाऱ्या एका मुलीच्या मृत्यूच्या प्रकरणात देशभरच्या शिक्षणसंस्थांसाठी सूचना दिल्या. जिथे शंभर किंवा जास्त विद्यार्थी आहेत तिथे किमान एक प्रशिक्षित समुपदेशक, मानसशास्त्रज्ञ किंवा समाजकार्य शिकलेली व्यक्ती हवी. लहान संस्थांनी बाहेरच्या तज्ज्ञांशी रीतसर जोडून घ्यावं. शिक्षक आणि शिक्षकेतर कर्मचाऱ्यांचं वर्षातून दोनदा प्रशिक्षण व्हावं. वंचित गटांतल्या मुलांशी कसं वागायचं ते शिकवा असं सांगताना त्या यादीत एलजीबीटीक्यू, म्हणजे समलिंगी, उभयलिंगी आकर्षण असलेल्या, ट्रान्सजेंडर अशा विद्यार्थ्यांचं नाव स्पष्ट घेतलं आहे.

आमचे प्राचार्य म्हणाले, "मॅडम, आपल्याकडे काय करायचं ते तुम्ही लिहून द्या." लिहायला बसले आणि एका जागी अडले, म्हणून हा धागा.

आपल्या कॉलेजांत काहीही झालं की पहिलं वाक्य ठरलेलं असतं, "पालकांना बोलावून घ्या." हजेरी कमी पडली, मारामारी झाली, फी थकली, सगळ्याला हाच उपाय. पुष्कळदा तो बरोबरही असतो. पण मुलगी दुसऱ्या मुलीच्या प्रेमात आहे किंवा मुलगा समलिंगी आहे असं रेक्टरच्या कानावर येतं, तेव्हा याच वाक्याने त्या मुलाचं शिक्षण थांबतं. मुलींच्या बाबतीत तर फारच झटपट. वडील आणि मामा येतात, कॉट रिकामी होते, टीसीचा अर्ज येतो. पुढच्या दिवाळीनंतर मैत्रिणींना लग्नाची पत्रिका मिळते. हे मी माझ्या नोकरीच्या काळात पाहिलं आहे, आणि बोलावणाऱ्या माणसांच्या मनात काहीही वाईट नव्हतं हेही पाहिलं आहे. आपण कर्तव्य केलं असंच त्यांना वाटत होतं.

माझं मत असं की विद्यार्थ्याच्या परवानगीशिवाय ही गोष्ट कुणालाही, घरीसुद्धा, कळवायची नाही, हा नियम आधी कागदावर यायला हवा. व्याख्यानं, पोस्टर, इंद्रधनुषी झेंडा हे त्यानंतर. पहिला नियम नसताना झेंडा लावला तर मूल विश्वासाने बोलेल आणि त्याचा घात होईल.

तुमच्यापैकी जे या वाटेने गेले आहेत, जे पालक आहेत, जे कॉलेजात काम करतात, त्यांनी लिहा. कशाने मदत झाली, कशाने नुकसान झालं ते हवं आहे. कॉलेजांची आणि माणसांची नावं कृपया नकोत.

---

पारिजातक
१८ ऑगस्ट २०२५, रात्री ११:१५

मॅडम, धाग्यासाठी मनापासून आभार. मी गे आहे. मूळ सोलापूर जिल्ह्यातला, आता मुंबईत एम.टेक. करतोय. पदवी एका निमशहरी अभियांत्रिकी कॉलेजातून घेतली.

पहिल्या वर्षी गॅदरिंगला मी नाटकात बाईचं काम केलं. काम चांगलं झालं, टाळ्याही पडल्या. दुसऱ्या दिवसापासून वसतिगृहात त्या पात्राच्या नावानेच हाक सुरू झाली. मेसमध्ये ताट घेऊन बसलो की समोरचे उठायचे. रात्री दाराला बाहेरून कडी. मी कसा चालतो याची नक्कल करायची आणि बाकीच्यांनी गुण द्यायचे, हा खेळ सहामाही परीक्षा येईपर्यंत चालला. मला कुणी मारलं नाही, त्यामुळे याला रॅगिंग म्हणतात हेच मला ठाऊक नव्हतं. वॉर्डनलाही नव्हतं. ते म्हणाले, "तू जरा पुरुषासारखा वाग, आपोआप थांबेल."

नंतर कळलं की नियम आपल्या बाजूने होता. यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) २००९ च्या रॅगिंगविरोधी नियमांत २०१६ मध्ये दुरुस्ती झाली. त्यात लिंग (ट्रान्सजेंडर धरून), लैंगिक कल, दिसणं, जन्मस्थान, भाषा, आर्थिक स्थिती यावरून केलेला शारीरिक किंवा मानसिक छळ, वाळीत टाकणंसुद्धा, रॅगिंग ठरवलं आहे. प्रवेशाच्या वेळी आपण आणि पालक रॅगिंगच्या प्रतिज्ञापत्रावर सह्या करतो, पण त्यातलं हे वाक्य कुणी वाचून दाखवत नाही. तुमच्या कॉलेजात पहिल्या दिवशी हे मराठीत मोठ्याने वाचा. त्रास देणारा ऐकेल, आणि सोसणाऱ्यालाही कळेल की याला नाव आहे. हेल्पलाइन १८००-१८०-५५२२.

आणि "घरी कळवू नका" याला शंभर वेळा अनुमोदन. तक्रार करायची म्हटलं की पहिला प्रश्न असायचा, "वडिलांचा नंबर दे." तिथेच मी माघार घ्यायचो.

---

निवृत्त_गुरुजी
१९ ऑगस्ट २०२५, सकाळी ७:०५

मृण्मयी मॅडम, पारिजातक, दोघांचं वाचलं. मुलाला जो त्रास झाला तो निषेधार्ह आहे, त्याबद्दल दुमत नाही.

पण मी माझी शंका स्पष्ट मांडतो. मी ३० वर्षं शाळा आणि ज्युनियर कॉलेजात काढली. आई-बाप पोटाला चिमटा काढून पोराला शिकायला बाहेर ठेवतात. वसतिगृहाच्या फॉर्मवर त्यांची सही असते. मुलाच्या आयुष्यातली एवढी मोठी गोष्ट आपण त्यांच्यापासून लपवायची, हा कोणता न्याय? उद्या काही बरंवाईट झालं तर तेच विचारतील, तुम्हाला माहीत होतं तर आम्हाला का नाही सांगितलंत? आणि १८-१९ वर्षांच्या वयात मन स्थिर असतं असं मला वाटत नाही.

---

डॉ_ऋता
१९ ऑगस्ट २०२५, दुपारी २:२०

गुरुजी, तुमची शंका प्रामाणिक आहे आणि कॉलेजांत हीच सगळ्यात जास्त ऐकू येते, म्हणून सविस्तर लिहिते. मी मानसोपचारतज्ज्ञ आहे. आठवड्यातून एकदा एका कॉलेजात बसते.

सर्वप्रथम, तो १८ वर्षांचा विद्यार्थी कायद्याने सज्ञान आहे. तो मतदान करतो. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला आणि लैंगिक कल त्याचा गाभ्याचा भाग आहे असं सांगितलं. पुढच्या वर्षी, ६ सप्टेंबर २०१८ ला, सज्ञान व्यक्तींच्या संमतीच्या समलिंगी संबंधांना, असे संबंध गुन्हा ठरवणाऱ्या कलम ३७७ मधून वगळलं. मानसिक आरोग्य कायदा २०१७ तर उपचार घेणाऱ्याला गोपनीयतेचा हक्क देतो आणि लैंगिक कलावरून भेदभाव करायला मनाई करतो. म्हणजे मी एखाद्या मुलाच्या वडिलांना फोन करून ही गोष्ट सांगितली तर मी माझ्या व्यवसायाचाच नियम मोडते.

आता तुमचा खरा प्रश्न, बरंवाईट झालं तर? जिवाला धोका आहे असं वाटलं तर गोपनीयता बाजूला ठेवावी लागते, आणि ठेवायलाच हवी. पण त्या वेळी सांगायचा असतो तो धोका. "तुमचा मुलगा फार खचला आहे, त्याला एकटं ठेवू नका, या," एवढं पुरतं. तो गे आहे हे त्या फोनमध्ये सांगायची काहीच गरज नसते. आणि कुणाला बोलवायचं हे त्यालाच विचारायचं. वडीलच हवेत असं नाही. मावशी, थोरली बहीण, चुलतभाऊ, ज्याच्यापाशी तो शांत होतो तो माणूस. कॉलेजांनी प्रवेश अर्जात "संकटसमयी संपर्क" हा रकाना पालकांच्या रकान्यापासून वेगळा ठेवावा आणि तो विद्यार्थ्याने स्वतः भरावा. मॅडम, तुमच्या मसुद्यात हे नक्की घाला.

"वय अस्थिर आहे, बदलेल" या समजुतीतून पालक मुलाला "बरं करायला" घेऊन येतात. हा आजार नाही. जागतिक आरोग्य संघटनेने १९९० मध्ये समलैंगिकता आजारांच्या यादीतून काढली. २०२२ मध्ये राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने असे "बदलण्याचे उपचार" करणं हे डॉक्टरचं व्यावसायिक गैरवर्तन ठरवलं. त्याच्या मागे मद्रास उच्च न्यायालयाचा ७ जून २०२१ चा आदेश होता. घरच्यांच्या विरोधामुळे पळून आलेल्या दोन तरुणींनी संरक्षण मागितलं होतं आणि न्यायमूर्ती आनंद वेंकटेश यांनी तो विषय शाळा, कॉलेज, पोलीस, वैद्यकीय शिक्षण इथपर्यंत नेला.

आमच्या क्षेत्राबद्दल एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. एवढं सगळं होऊनही ऑगस्ट २०२४ मध्ये एमबीबीएसच्या न्यायवैद्यकशास्त्राच्या नव्या अभ्यासक्रमात समलिंगी संबंध पुन्हा "अनैसर्गिक गुन्ह्यां"मध्ये छापले गेले. विरोध झाल्यावर काही दिवसांत तो अभ्यासक्रम मागे घेतला. वर्गात बसलेल्या समलिंगी एमबीबीएस विद्यार्थ्याला स्वतःबद्दल हे पाठ करून परीक्षेत लिहावं लागतं, याचा विचार करा. माझ्या काळी आम्ही लिहिलंच.

---

अर्णव_के
१९ ऑगस्ट २०२५, रात्री १०:३०

मी ट्रान्स पुरुष आहे, म्हणजे जन्माच्या वेळी नोंद मुलगी अशी झाली, पण मी पुरुष आहे. पुण्यात कॉमर्स केलं. माझा मुद्दा थोडा वेगळा आहे: गे किंवा लेस्बियन मूल निदान ठरवू तरी शकतं की कुणाला सांगायचं. आमचं गुपित हजेरीपट रोज सकाळी फोडतो.

केस कापलेले, आवाज बदलत चाललेला, शर्ट-पँट, आणि मॅडम वर्गात मुलीचं नाव पुकारतात. सगळा वर्ग वळून बघतो. मी पहिल्या तासाला जाणं सोडलं. मग हजेरी कमी, मग टर्म ग्रँटचा, म्हणजे सत्र मंजूर होऊन परीक्षेला बसू देण्याचा प्रश्न, मग "पालकांना घेऊन ये." तोंडी परीक्षेला बाहेरचे परीक्षक हॉल तिकीट आणि माझा चेहरा आलटून पालटून बघायचे आणि दहापैकी पाच मिनिटं त्यातच जायची. स्वच्छतागृहाचं विचारू नका. दिवसभर पाणी प्यायचो नाही. मूत्रमार्गाचा संसर्ग दोनदा झाला.

मदत काय झाली ते सांगतो, कारण ती एका माणसाने केली आणि त्याला एक पैसाही लागला नाही. दुसऱ्या वर्षी आमच्या विभागप्रमुखांनी संपूर्ण वर्गाची हजेरी नुसत्या रोल नंबरवर घ्यायला सुरुवात केली. सगळ्यांचीच, त्यामुळे मी वेगळा दिसलो नाही. कारण त्यांनी कुणालाही सांगितलं नाही, मलाही विचारलं नाही. परीक्षकांना आधी भेटून "ओळखपत्र मी तपासलं आहे, विषयाचे प्रश्न विचारा" असं सांगायचे. मी पदवीधर झालो याचं मोठं श्रेय त्या सरांचं.

कागदपत्रांचं ज्यांना हवं आहे त्यांच्यासाठी. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१४ च्या नाल्सा निकालाने स्वतःची लिंगओळख स्वतः सांगायचा हक्क मान्य केला. २०१९ च्या ट्रान्सजेंडर व्यक्तींच्या हक्कांच्या कायद्यानुसार जिल्हाधिकाऱ्यांकडून प्रमाणपत्र मिळतं. अर्ज राष्ट्रीय पोर्टलवर ऑनलाइन करता येतो आणि २०२० च्या नियमांत या पहिल्या प्रमाणपत्रासाठी वैद्यकीय तपासणीची अट ठेवलेली नव्हती. शस्त्रक्रियेनंतर पुरुष किंवा स्त्री असं सुधारित प्रमाणपत्र हवं असेल तर वेगळा अर्ज. नाव बदलाची राजपत्रात नोंद करून घ्या, ती सगळीकडे मागतात. क्रम असा ठेवा: प्रमाणपत्र, राजपत्र, आधार, मग दहावी-बारावीच्या बोर्डाकडे, आणि शेवटी विद्यापीठ. विद्यापीठ नेहमी म्हणतं की दहावीच्या गुणपत्रिकेवर जे आहे तेच आम्ही छापतो, म्हणून तिथे आधी जाऊन उपयोग नाही.

त्याच कायद्याच्या ११ व्या कलमाप्रमाणे प्रत्येक आस्थापनेत तक्रार निवारण अधिकारी नेमायचा असतो. कलम १३ शिक्षणसंस्थांसाठीच आहे. मॅडम, तुमच्या कॉलेजात तो अधिकारी कोण आहे?

---

मृण्मयी_ग
१९ ऑगस्ट २०२५, रात्री ११:०५

अर्णव, आत्ताच फोनवर चौकशी केली. नेमलेला नाही. रॅगिंगविरोधी समिती, अंतर्गत तक्रार समिती, समान संधी कक्ष यांच्या फायली नॅकसाठी (कॉलेजांचं मूल्यांकन करणाऱ्या संस्थेसाठी) व्यवस्थित आहेत, यात मात्र काहीच नाही. प्राचार्यांना उद्या लेखी देते.

रोल नंबरने हजेरी मी उद्यापासून माझ्या वर्गात सुरू करते. यासाठी कुणाच्या परवानगीची गरज नाही.

---

भीमाकाठी
२० ऑगस्ट २०२५, दुपारी १:१०

जय भीम. चर्चेत अजून न आलेली एक बाजू मांडतो. घरी कळलं की मायेचं काय होतं ते सगळे बोलले. पैशाचं काय होतं ते कुणी बोललं नाही.

मी समाजकल्याणच्या वसतिगृहात राहून शिकलो. बायसेक्शुअल आहे, म्हणजे मला स्त्री-पुरुष दोघांबद्दल आकर्षण वाटतं. माझ्या खोलीतल्या एका मित्राचं घरी कळलं आणि वडिलांनी पैसे बंद केले. शिष्यवृत्ती होतीच की, असं म्हणाल. पण शिष्यवृत्तीचा नूतनीकरणाचा अर्ज भरायचा तर वडिलांच्या नावाचा तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला लागतो. तो काढायला वडील गेले नाहीत. फ्रीशिप अडली, परीक्षा फॉर्म अडला. पोरगा हुशार होता, आज एका गोदामात माल मोजतो. वसतिगृहात जागा न मिळालेल्यांना पैसे देणाऱ्या सरकारी स्वाधार योजनेलाही उत्पन्नाचा कागद लागतोच. म्हणजे ज्याला घराने टाकलं त्यालाच घरचा कागद आणायला सांगायचं, अशी ही व्यवस्था आहे.

सरकारी नियम आपण एका धाग्यावर बदलू शकत नाही. कॉलेज काय करू शकतं? कमवा आणि शिका योजना आपल्या मातीतली आहे, कर्मवीर अण्णांनी ज्यांना घरचा आधार नव्हता अशाच पोरांसाठी ती उभी केली. घराने पैसे बंद केलेल्या मुलाला त्यात वर्षाच्या मध्येही घ्या, कारण न विचारता. परीक्षा फीसाठी विद्यार्थी सहाय्य निधी असतो, त्यातून मदत द्या. प्राध्यापकांच्या शिफारशीवर, पालकांच्या सहीशिवाय.

दुसरं. पुण्या-मुंबईच्या कॉलेजांत या विषयाचे गट असतात. मी एका गटाच्या बैठकीला गेलो होतो. माणसं चांगली होती. पण सगळं इंग्रजीत, एका महागड्या कॅफेत, आणि ओळख करून देताना सगळ्यांनी आडनाव विचारलं. मी परत गेलो नाही. तिथे मी बायसेक्शुअल म्हणून चाललो असतो, पण माझी जात आणि माझी भाषा दाराबाहेर ठेवावी लागली असती. मराठीत बोलणारी, गावाकडच्या पोराला समजेल असं सांगणारी माणसं कमी आहेत. पुण्यात बिंदुमाधव खिरे यांच्या समपथिक ट्रस्टने २००२ पासून मराठीतून हे काम केलं, पुस्तिका काढल्या. मला त्या एका समाजकार्याच्या विद्यार्थिनीने दिल्या होत्या. तशा पुस्तिका कॉलेजच्या ग्रंथालयात उघड्या फडताळावर ठेवा. कार्डावर नोंद न करता तिथेच बसून वाचता आल्या पाहिजेत.

---

माय_लेकी
२० ऑगस्ट २०२५, रात्री ८:४५

मी पहिल्यांदाच लिहिते आहे, वर्षानुवर्षं नुसती वाचते. सांभाळून घ्या.

माझी मुलगी पुण्यात शिकत होती. वसतिगृहाच्या मॅडमनी फोन करून यांना सांगितलं की तुमची मुलगी अमुक मुलीबरोबर "नको तशी" राहते, येऊन घेऊन जा. यांनी फोन स्पीकरवर ठेवला होता, माझे दीर-जाऊ समोर बसले होते. संपूर्ण घराला एका मिनिटात कळलं. तिने आम्हाला सांगायच्या आधी, तिच्या शब्दांत सांगायच्या आधी. ती मला सांगणार होती, दिवाळीला. तिने ते नंतर मला बोलून दाखवलं आणि त्याचं तिला आजही फार दुःख आहे.

आठ दिवसांत स्थळ आलं. सांगलीचा मुलगा, बँकेत. मी यांना म्हटलं, तिचं शेवटचं वर्ष आहे, परीक्षा होईपर्यंत या घरात लग्नाचा विषय निघणार नाही, निघाला तर मी तिला घेऊन माझ्या भावाकडे जाईन. मला तेव्हा यातलं काही कळत नव्हतं. लेस्बियन हा शब्दही मी नीट ऐकला नव्हता. मला एवढंच कळत होतं की पोरगी दोन घास खात नाही आणि तिचं वर्ष बुडतंय.

वसतिगृहात तिला परत घेतलं नाही. तिच्या एका प्राध्यापिकेने स्वतःच्या ओळखीने कॉट बेसिसवर जागा बघून दिली, प्रॅक्टिकलच्या जर्नलला मुदत वाढवून दिली. मुलगी पास झाली. आता बंगळुरूला नोकरी करते. यांनी पहिले काही महिने अबोला धरला होता, आता फोनवर तिच्याशी पगाराबद्दल आणि म्युच्युअल फंडाबद्दल बोलतात. तिच्या मैत्रिणीबद्दल अजून नाही.

गुरुजी, तुम्ही विचारलंत की आई-बापापासून का लपवायचं. मी आईच आहे म्हणून सांगते. मला कळायला हवंच होतं. पण ते तिच्याकडून. त्या मॅडमनी माझ्या लेकीचा तो हक्क घेतला आणि माझाही.

---

निवृत्त_गुरुजी
२१ ऑगस्ट २०२५, सकाळी ६:५०

ताई, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. तुम्ही जे केलंत ते मोठं आहे.

लपवणं आणि मुलाला स्वतः सांगू देणं यात फरक आहे हे मान्य. डॉक्टरांनी सांगितलेली धोक्याच्या वेळची पद्धतही पटली. तरी माझ्या मनात एक आहे. मुलाला स्वतः सांगायचं असेल आणि धीर होत नसेल, तर शिक्षकाने मध्ये बसून मदत करावी की नाही? आमच्या पिढीतले बाप पोराचं ऐकत नाहीत, पण मास्तरचं ऐकतात.

---

डॉ_ऋता
२१ ऑगस्ट २०२५, दुपारी १:४०

गुरुजी, जरूर करावी, मुलाने मागितली तर. हे काम तुमच्यासारखा माणूस माझ्यापेक्षा चांगलं करेल. फक्त आधी तीन गोष्टी त्याच्याशी बोलून घ्या. घरातून काढलं तर आज रात्री कुठे झोपणार? फी आणि मेसचे पैसे कुठून येणार? मूळ कागदपत्रं, आधार, गुणपत्रिका कुणाच्या ताब्यात आहेत? ही उत्तरं तयार नसतील तर थांबा म्हणा. पदवी हातात आल्यावर सांगायचं ठरवणारी मुलं भित्री नसतात, त्यांचा हिशेब बरोबर असतो.

---

ऑरेंज_सिटी
२१ ऑगस्ट २०२५, रात्री ९:१५

धागा विद्यार्थ्यांबद्दल आहे, पण कॉलेजात शिकवणारी माणसंही समलिंगी असतात. मराठीच्या वाचकांनी एक नाव विसरू नये असं मला वाटतं: प्रा. श्रीनिवास रामचंद्र सिरास. आमच्या नागपूरला शिकलेले, मराठीचे कवी, अलीगढ मुस्लिम विद्यापीठात मराठी शिकवायचे आणि आधुनिक भारतीय भाषा विभागाचे प्रमुख होते. फेब्रुवारी २०१० मध्ये काही लोक कॅमेरा घेऊन त्यांच्या राहत्या घरात शिरले आणि त्यांच्या खासगी क्षणांचं चित्रण केलं. विद्यापीठाने शिरणाऱ्यांऐवजी प्राध्यापकांना निलंबित केलं. निवृत्तीला काही महिने उरले होते. अलाहाबाद उच्च न्यायालयाने १ एप्रिलला निलंबनाला स्थगिती दिली. ७ एप्रिलला ते भाड्याच्या घरात मृत सापडले.

सज्ञानांचे संमतीचे समलिंगी संबंध गुन्हा नाहीत असा दिल्ली उच्च न्यायालयाचा नाझ फाउंडेशन प्रकरणातला निकाल त्याआधी, जुलै २००९ मध्ये आला होता. म्हणजे कायदा त्यांच्या बाजूला येऊनही कॅम्पस आलं नाही.

हे आत्ता सांगायचं कारण, मुलं शिक्षकांकडे बघून ठरवतात की इथे बोलणं सुरक्षित आहे का. मी स्वतः एका कॉलेजात शिकवतो. स्टाफरूममध्ये माझ्याबद्दल कुणाला माहीत नाही. माझ्या वर्गातला एक मुलगा मला काहीतरी सांगायचा प्रयत्न करतोय हे मला दोन सत्रं दिसतंय. मृण्मयी मॅडम, तुमच्या नियमात "विद्यार्थी" बरोबर "कर्मचारी" हाही शब्द घाला. आम्हालाही त्याची गरज आहे.

---

ह्यूरॉनकाठचा
२२ ऑगस्ट २०२५, सकाळी ८:३० (अ‍ॅन आर्बर)

सर, वाचून गलबललो.

इथून थोडं. मी मिशिगन विद्यापीठात पीएच.डी. करतोय, मूळचा नाशिकचा. या विद्यापीठाने १९७१ मध्ये समलिंगी विद्यार्थ्यांसाठी कार्यालय उघडलं, अमेरिकेतल्या विद्यापीठांमधलं ते पहिलं. आज त्याचं नाव स्पेक्ट्रम सेंटर. माझ्यासारख्याला तिथे सगळ्यात उपयोगी काय वाटलं? तिथे कुणी माझं नाव लिहून घेत नाही. दार उघडं असतं, आत सोफा आहे, पुस्तकं आहेत, हवं तर बोला, नको तर बसा.

पण इथलं सगळं छान असं समजू नका. टेक्सासमध्ये १ जानेवारी २०२४ पासून नवा कायदा लागू झाला आणि तिथल्या सरकारी विद्यापीठांतली अशी केंद्रं बंद झाली. युटा राज्यातही त्याच वर्षी तसंच झालं. कार्यालयाच्या पाटीवर अवलंबून राहिलेली मुलं एका सत्रात उघड्यावर आली. जिथे प्राध्यापक, ग्रंथपाल, वसतिगृहाची माणसं आधीपासून तयार होती तिथे थोडं तरी निभावलं. म्हणून तुमच्याकडे समुपदेशक नेमला तरी सगळा भार एका माणसावर ठेवू नका.

आयआयटी मुंबईत "साथी" हा विद्यार्थ्यांचा गट २०११ पासून आहे. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीचा निकाल फिरवून कलम ३७७ पुन्हा लागू केलं, तरी विद्यार्थ्यांनी तो टिकवला. नव्या मुलांनी त्यांच्याकडून शिकावं.

---

रेक्टर_मावशी
२२ ऑगस्ट २०२५, रात्री १०:००

मी मुलींच्या वसतिगृहाची रेक्टर आहे, खासगी संस्थेत. वाचताना पुष्कळ ठिकाणी आमच्या लोकांवर रोख आहे, आणि तो खोटा नाही. पण आमची अडचण ऐका. दोन मुली एका कॉटवर झोपल्या अशी तक्रार घेऊन बाकीच्या मुली येतात, त्यांचे पालक फोन करतात, संस्थाचालक विचारतात. अशा वेळी मी काय उत्तर द्यायचं, हे मला कुणीही शिकवलेलं नाही. आणि यंदा एका ट्रान्स मुलीचा अर्ज आला आहे. तिला प्रवेश द्यावा असं मला वाटतं. व्यवस्थापन म्हणतं जागा नाही. जागा आहे.

---

अर्णव_के
२२ ऑगस्ट २०२५, रात्री १०:५०

मावशी, तुम्ही लिहिलंत हे फार बरं झालं. त्या मुलीला उत्तर लेखी द्यायला सांगा. कारण लिहून द्यावं लागलं की "जागा नाही" हे वाक्य अवघड होतं, कारण २०१९ च्या कायद्याचं कलम ३ शिक्षणसंस्थेत प्रवेश नाकारणं, अन्यायाने वागवणं याला मनाई करतं. टाटा समाजविज्ञान संस्थेने मुंबईच्या कॅम्पसवर लिंगनिरपेक्ष वसतिगृहाची सोय केली होती. हैदराबादच्या नलसार विधी विद्यापीठानेही एक मजला तसा ठेवला. त्याच नलसारने २०१५ मध्ये एका विद्यार्थ्याच्या विनंतीवरून पदवीच्या प्रमाणपत्रावर नावाआधी मिस्टर-मिसऐवजी लिंगनिरपेक्ष उपपद छापलं होतं. दाखले म्हणून हे व्यवस्थापनापुढे ठेवता येतील. पण तिला मुलगी म्हणून मुलींच्यात राहायचं असेल तर तिला वेगळ्या मजल्यावर एकटं टाकू नका. आधी तिला विचारा.

---

मृण्मयी_ग
२३ ऑगस्ट २०२५, सायंकाळी ६:३०

मावशी, तुमच्या पहिल्या प्रश्नाला माझं उत्तर असं. वसतिगृहाचे नियम सगळ्यांना सारखे लावा. एका कॉटवर एकीनेच झोपायचं हा नियम असेल तर तो परीक्षेच्या आदल्या रात्री एकत्र अभ्यास करून तिथेच झोपणाऱ्या मैत्रिणींनाही लागू आहे. दोघींना त्यासाठी जेवढी समज द्याल तेवढीच यांना. तक्रार करणाऱ्या मुलींना एवढंच सांगायचं की नियमाचं मी बघते, त्यांच्या नात्याबद्दल इथे चर्चा होणार नाही. पालकांच्या फोनलाही हेच उत्तर. संस्थाचालकांसाठी यूजीसीची २०१६ ची दुरुस्ती छापून टेबलावर ठेवा.

मसुदा आज प्राचार्यांकडे दिला. तुमच्या सगळ्यांचं त्यात काही ना काही आहे. पहिलं कलम गोपनीयतेचं, विद्यार्थी आणि कर्मचारी दोघांसाठी. जिवाच्या धोक्याचा अपवाद डॉक्टरांनी सांगितला तसाच्या तसा, म्हणजे धोका कळवायचा, कारण नाही. संकटसमयी संपर्काचा वेगळा रकाना. सगळ्या विभागांत रोल नंबरने हजेरी. कलम ११ चा तक्रार अधिकारी. घरचा आधार तुटलेल्यांना कमवा आणि शिका योजनेत मधूनच प्रवेश. यूजीसीच्या २०१५ च्या लैंगिक छळविरोधी नियमांत तृतीयलिंगी आणि काही पुरुष विद्यार्थ्यांनाही अशा छळाचा धोका असतो हे मान्य केलेलं आहे, तेही अंतर्गत तक्रार समितीच्या फलकावर मराठीत लावायचं. टेली मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर प्रत्येक मजल्यावर.

प्राचार्यांनी पहिल्या कलमावर बोट ठेवलं आणि विचारलं, "पालकांनी केस केली तर?" मी म्हटलं, विद्यार्थी सज्ञान आहे, हे वकिलांकडून लेखी घेऊ. मंगळवारी व्यवस्थापनाची बैठक आहे. कमवा आणि शिकाच्या कलमाला लेखापाल विरोध करतील अशी चिन्हं आहेत. अनुदानाचा हिशेब सत्राच्या सुरुवातीला बंद होतो असं त्यांचं म्हणणं आहे.

---

भीमाकाठी
२३ ऑगस्ट २०२५, रात्री ८:२०

मॅडम, काही मुलं दर वर्षी सत्राच्या मध्येच काम सोडतात. त्यांच्या जागी नवीन नाव घालायला वेगळा पैसा लागत नाही. मागच्या वर्षीचा हजेरीचा तक्ता काढून किती जागा मध्येच रिकाम्या झाल्या ते बैठकीआधी मोजा. लेखापालांपुढे तोच कागद ठेवा.

---

रेक्टर_मावशी
२४ ऑगस्ट २०२५, सकाळी ९:१०

मृण्मयी मॅडम, मसुद्याची प्रत मला विपू (खासगी निरोप) कराल का? आमची बैठक गुरुवारी आहे. त्या मुलीला मी काल फोन केला, अर्जाची पोचपावती शिक्क्यासह घेऊन जा म्हणून सांगितलं. ती उद्या येते आहे.